मस्टरवर नाव नसलेली माणसं

बदली कामगाराला रोज नव्यानं नोकरी मागावी लागायची. कायम कामगाराचा दिवस साच्यावर, म्हणजे मागावर, सुरू व्हायचा, बदलीवाल्याचा खात्याच्या दारात. पहिली पाळी सातची. भोंगा व्हायच्या आधीच आम्ही बदली कार्ड खिशात घालून जिन्याखाली उभे असायचो. कोण आजारी पडलंय, कोण गावाला गेलाय, कोणाकडे मयत झालीय, यावर आमची त्या दिवसाची मजुरी. काम मिळालं तर नाव मस्टरवर चढायचं. नाही मिळालं तर हजेरीची खूण करून घ्यायची आणि साडेतीनच्या दुसऱ्या पाळीला पुन्हा येऊन उभं राहायचं. दुसऱ्याचं काहीतरी बिघडल्याशिवाय आपल्याला काम नाही, हे समजायला आठवडाही लागत नाही. ते मनातून जायला मात्र वर्षं लागतात.

मी १९५८ साली संगमेश्वर तालुक्यातून मुंबईला आलो आणि परळच्या एका गिरणीत साचा खात्यात बदलीला लागलो. दुसऱ्या महायुद्धाची लढाई संपून तेव्हा बारा-तेरा वर्षं झाली होती, पण खात्यातली जुनी माणसं अजून लढाईच्या हिशोबानंच बोलायची. लढाईत गिरण्या रात्रंदिवस चालल्या, लष्कराच्या कापडाला माल पुरत नव्हता, बाहेर कापड रेशनवर मिळायचं आणि आत माणूस तिन्ही पाळ्यांना लागायचा. लढाई गेली, तिसरी पाळी राहिली. १९४७ साली औद्योगिक न्यायालयाचा निवाडा झाला. गिरणीगणिक वेगळे असलेले पगार एका मापात आले, मूळ पगार किमान ३० रुपये ठरला आणि वर महागाई भत्ता. हा भत्ता बाजारभावाच्या निर्देशांकाला बांधलेला होता, म्हणून पुढं पुढं तो मूळ पगाराहून मोठा झाला. १९५० मध्ये बदली नियंत्रण योजना आली. त्याआधी माणूस घ्यायचा, काढायचा, त्याच्याकडून दस्तुरी उकळायची ती जॉबरनं, म्हणजे खात्यातल्या मुकादमानं. कार्ड आल्यावर निदान कागदावर तरी त्याचा हात आखडला. मला चिकटवला तो मात्र आमच्या वाडीतल्याच एका जॉबरनं. कागद बदलला तरी माणूस माणसालाच धरून येत होता.

हे सगळं आधी सांगतोय, कारण गिरणी कामगाराचं आयुष्य सांगताना लोक गरिबीपासून सुरुवात करतात. आम्ही गरीब होतो, पण आमच्याकडे कायदा होता, युनियन होती, निवाडा होता, पगाराची तारीख होती. मोठ्या गिरणीत दहा तारखेच्या आत पगार झालाच पाहिजे, असा कायदाच होता. ही सगळी लढून मिळवलेली गोष्ट होती आणि तिचा मला आजही अभिमान वाटतो. मला बोलायचंय ते त्या कायद्याच्या भिंतीबाहेर राहिलेल्यांबद्दल, ज्यांच्या हातावर आमची पाळी चालायची.

पण आधी साचा.

साचा खात्यात पहिल्यांदा पाऊल टाकलं की माणसाला आधी काही ऐकू येईनासं होतं आणि मग बोलणंच थांबतं. शेकडो साचे एकाच छपराखाली ठोके घालत असतात. फरशी पायाखाली थरथरते, तो थरकाप पोटरीतून वर चढतो. तिथं कोणी ओरडत नाही, ओरडून उपयोग नसतो. ओठ वाचायचे, बोटांनी सांगायचं. साहेब येतोय याची खूण वेगळी, चहाला जातोय, माझ्या साच्यांकडे बघ, याची वेगळी. या खुणा इतक्या अंगवळणी पडल्या होत्या की गावी गेल्यावर आये विचारायची, बोलताना हात का नाचवतोस?

सूत कोरडं पडलं की तुटतं, म्हणून हवा दमट ठेवावी लागते. खिडक्या बंद, वरून पाण्याचे बारीक फवारे. मे महिन्यात त्या वाफेत ताण्याला लावलेल्या खळीचा आंबूस वास मिसळायचा. बनियन पिळून पुन्हा अंगात घालायचा. विणकराला पगार कापडावर, म्हणजे साचा थांबला की पैसे थांबले. ताण्याचा दोरा तुटला की साचा थांबवायचा, तुटलेलं टोक हुडकायचं, वहीतून आणि फणीतून ओवून घ्यायचं, गाठ मारायची, पुन्हा चालू. चांगल्या विणकराची गाठ कापडात सापडत नाही. आणि त्याला बघावं लागत नाही. पाठ वळलेली असताना आपल्या साच्याचा ठोका जरा जरी बदलला तरी त्या सगळ्या गोंधळातून तेवढाच आवाज त्याच्या कानाला लागतो. ज्या कानांनी आम्हाला भाकरी दिली, तेच आधी गेले. पन्नाशी गाठेपर्यंत साचेवाला टीव्ही मोठ्यानं लावणारा म्हातारा झालेला असायचा.

मी लागलो तेव्हा एका विणकराकडे दोन साचे होते. पुढं दोनाचे चार झाले. याला रॅशनलायझेशन म्हणायचे, आणि हा शब्द आमच्यातल्या निरक्षर माणसालाही ठाऊक होता. काही गिरण्यांत आपोआप कांडी बदलणारे साचे आले. तोवर मात्र कांडी संपली की धोटा काढायचा, नवी कांडी बसवायची, धोट्याच्या भोकाला तोंड लावून श्वासानं दोरा बाहेर ओढायचा. पाळीत शेकडो वेळा. तोंडात सूत, खळ, रंग, आणि आधी ज्यानं तो धोटा ओढला त्याची थुंकी.

त्या थुंकीवरून जे झालं ते सांगितल्याशिवाय साचा खात्याबद्दल बोलणं खोटं आहे. साचा खात्यात पगार जास्त होता आणि पिढ्यान् पिढ्या तिथं दलितांना घेत नव्हते. कारण हेच दिलं जायचं, की धोट्याला सगळ्यांचं तोंड लागतं. एकाच धोट्याला मराठ्याचं, भंडाऱ्याचं, मुसलमानाचं तोंड चालायचं. महारानं लावलं की बाटायचं. दलितांच्या वाट्याला रिंग खात्यातलं कमी पगाराचं काम. १९२८ च्या संपात बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न लाल बावट्याच्या, म्हणजे कम्युनिस्ट युनियनच्या पुढाऱ्यांसमोर उघड मांडला होता, तरी माझ्या काळापर्यंत त्याची मुळं शिल्लक होती. आम्ही एकाच मोर्चात एकच घोषणा द्यायचो आणि जेवायला वेगवेगळ्या चाळींत जायचो. खानावळीसुद्धा गावागावाच्या आणि जातीजातीच्या. गिरणगावाची एकी खरी होती, मी ती पाहिली आहे. तिला असलेल्या या भिंतीही मी पाहिल्या आहेत.

आमच्या वाडीची डिलाईल रोडला गावकीची खोली होती. दहा बाय बारा. खोलीत नावं वीसच्या वर, पण सगळे एकदम कधीच नसायचे. पहिली पाळी उठून गेली की तिच्या जागेवर तिसरी पाळी येऊन आडवी व्हायची. वळकटी गुंडाळली जायची ती फक्त दुसरी उलगडण्यासाठी. प्रत्येकाची एक ट्रंक, एक खुंटी, आणि भिंतीवर गावच्या देवाचा फोटो. खोलीचा कारभारी भाडं, लाइट आणि गावच्या देवळाची वर्गणी गोळा करायचा. कोणी वारलं तर खर्चही खोलीच करायची. पावसात ज्यांना आत जागा नसे ते व्हरांड्यात अंग आखडून झोपत. उन्हाळ्यात सगळा डिलाईल रोड फुटपाथवर निजायचा.

त्या खोलीत चूल नव्हती. चूल खालच्या मजल्यावर, मावशींकडे.

मावशी पाटण तालुक्यातल्या. नवरा कार्डिंग खात्यात होता. कार्डिंगमध्ये कापसाचा धुरळा हवेत तरंगत असतो. सुट्टीनंतर सोमवारी कामावर आलं की तिथल्या माणसांची छाती आवळून यायची, आठवडाभरात जरा सैल व्हायची, पुढच्या सोमवारी पुन्हा. डॉक्टरांकडे या आजाराला बिसिनोसिस असं नाव आहे. खात्यात त्याला दमा म्हणायचे आणि विडी सोड असा सल्ला द्यायचे. मावशींचा नवरा चाळिशीच्या आत खोकून खोकून गेला. त्यानंतर त्यांनी खानावळ धरली. गिरणीत वायंडिंग खात्यात बायकांना काम असायचं, पण बायकांच्या जागा वर्षाला कमी कमी होत चालल्या होत्या. मालकांना नको होत्या, कारण बाळंतपणाची रजा आणि पाळणाघराचा खर्च कायद्यानं अंगावर यायचा. शिवाय बाईला रात्रपाळी देता येत नव्हती. आणि खरं सांगायचं तर जागा कमी होताना युनियननंही फार आवाज केला नाही. मग पदरात पोरं असलेल्या बाईनं करायचं काय? गिरणी ज्या पुरुषांना राबवत होती त्यांना जेवू घालायचं.

मावशींच्या खोलीत वीसएक जण जेवायचे. तीन पाळ्या म्हणजे तीन वेळचे जेवणकरी. सातच्या पाळीला जाणाऱ्याचे डबे सहाला तयार हवेत, म्हणून त्या तीनला उठायच्या. चारला नळ. नळावर उशीर झाला की दिवस गेला. साडेतीनला सुटलेली पहिली पाळी चारला पानावर. बाराला सुटलेली दुसरी पाळी साडेबाराला, तिला गरम भाकरी हवी. म्हणजे या बाईची पाळी कुठं संपायची? आमची आठ तासांची पाळी ही कित्येक वर्षांच्या लढ्यानंतर कायद्यात आली. मावशींच्या दिवसाला कायद्यानं कधी हात लावला नाही.

कोळशाची शेगडी, पुढं रॉकेलचा स्टोव्ह. सुका जवळा, बोंबील, मांदेली, डाळ, भात, भाकरी. रविवारी कधी मटण. साठच्या दशकात धान्याची टंचाई झाली तेव्हा रेशनवर अमेरिकेचा तांबडा मिलो मिळायचा, त्याची भाकरी थापताना चिरा पडायच्या आणि खाताना ती घशाला लागायची. मावशी त्यात थोडी घरची ज्वारी मिसळायच्या. ती ज्वारी भावाकडून यायची, तिचे पैसे त्यांनी कधी लावले नाहीत.

पैशाचा हिशोब असा. जेवणकरी महिन्याचे पैसे पगार झाल्यावर द्यायचे. म्हणजे मावशी वाण्याकडून महिनाभर उधारीवर माल उचलायच्या, आम्हाला खाऊ घालायच्या, आणि दहा तारखेला आमच्याकडून घेऊन वाण्याला द्यायच्या. वाणी उधारीचा भाव वेगळा लावायचा. कोणी आजारी पडला, कोणाला महिन्यात बदली कमी मिळाली, की तेवढं त्यांच्या अंगावर. बदलीवाल्याला गिरणी फक्त कामाच्या दिवसाचे पैसे द्यायची, जेवायला मात्र तो रोजच लागायचा. त्या रिकाम्या दिवसांचा खर्च मालकानं उचलला नाही, सरकारनं नाही. तो मावशींच्या वहीत जमा होत राहिला. गिरणीला रोज सकाळी दारात ताज्या माणसांची रांग हवी होती आणि ती रांग या वहीवर जगत होती.

बाजारभाव वाढला की आमचा महागाई भत्ता निर्देशांकाप्रमाणे वाढायचा. तीच महागाई मावशींच्या शेगडीवर आधी येऊन बसायची, पण त्यांना भत्ता कुठला? जेवणाचा दर दोन रुपयांनी वाढवायचा तर जेवणकऱ्यांची बैठक बसायची. मालकाशी वाटाघाटी करायला शिकलेली माणसं, त्यांचे मुद्दे पक्के असायचे. मावशी दाराशी उभ्या राहून ऐकायच्या. शेवटी एक रुपया वाढायचा.

गावाकडेही हेच होतं, फक्त रूप वेगळं. माझं लग्न १९६३ साली झालं. घरकारीण गावीच राहिली, कारण गावकीच्या खोलीत बाईला जागा नव्हती आणि स्वतंत्र खोलीची पागडी माझ्या आवाक्यात नव्हती. मी दर महिन्याला मनीऑर्डर करायचो. रत्नागिरी जिल्हा मनीऑर्डरवर जगतो असं तेव्हा सगळे म्हणायचे, वर्तमानपत्रात छापून यायचं. हे अर्धंच खरं. राब भाजायचे, तरवा पेरायचा, गुडघाभर चिखलात लावणी करायची, वरकस जमिनीत नाचणी लावायची, म्हातारा-म्हातारीचं करायचं, पोरं वाढवायची, आणि मुंबईहून कोणी आजारी होऊन आला तर त्याला उभा करून परत बोटीवर चढवायचं. हे सगळं बायकांनी केलं. गिरणी मला एका माणसाच्या पोटापुरतं देत होती. माझ्या पोरांचं लहानपण, माझ्या आईबापाचं म्हातारपण, माझं स्वतःचं दुखणं आणि संपाचे महिने, एवढं सगळं ज्या भातशेतीवर निघालं ती माझ्या बायकोनं केली. एका हाताला चार साचे देणाऱ्या गिरणीचा उरलेला खर्च कोकणातली शेतं भरून काढत होती, म्हणून मुंबईचं कापड स्वस्त पडत होतं. माझ्या मते गिरणगावाच्या इतिहासातला सर्वात मोठा आकडा हाच आहे आणि तो कुठल्याच ताळेबंदात नाही.

कार्डिंगमधला माझा एक खोलीसोबती ईएसआयच्या, म्हणजे कामगार विम्याच्या दवाखान्यात खेटे घालून थकला तेव्हा खोलीनं वर्गणी काढून त्याला भाऊच्या धक्क्यावरून बोटीत बसवलं. ‘गावाला पाठवला’ एवढंच म्हणायचे. गावाला पाठवला म्हणजे आता त्याचं दुखणं, औषध आणि मरण हे सगळं त्याच्या बायकोकडे सोपवलं.

संप आले की हे जास्त उघडं पडायचं. आमच्या उद्योगात १९४६ च्या कायद्यानं एकाच युनियनला मान्यता, वाटाघाटीचा हक्क तिचाच. म्हणून मनातला राग निघायला संपाशिवाय वाट नसायची. संपात पगार बंद, पण मावशींची चूल चालू. वाण्याकडे दागिना गहाण टाकून त्या जेवू घालायच्या. १९७५ साली प्रेमाताई पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं ते हेच बघून. प्रेमाताई मूळच्या गोव्याच्या, गोवामुक्तीच्या लढ्यात गोळी झेललेल्या, नंतर कम्युनिस्ट चळवळीत गिरणगावात काम करणाऱ्या. खानावळवाल्या बायकांना त्यांनी एकत्र केलं आणि बँकेचं कर्ज मिळवून दिलं, म्हणजे वाण्याच्या आणि सावकाराच्या कचाट्यातून सोडवलं. मावशीही त्यात गेल्या. पहिल्यांदा बँकेत सही करून आल्या त्या दिवशी त्यांनी आम्हाला गोड शिरा केला. भिंतीला टेकून जेवणारे आम्ही सगळे युनियनचे सभासद होतो. आम्ही इतकी वर्षं लढत होतो आणि आम्हाला रोज जेवण वाढणाऱ्या बाईचा हिशोब चळवळीच्या मागणीपत्रकात एकदाही आला नव्हता. तो यायला हवा होता. हे मी आज म्हणतोय असं नाही, प्रेमाताईंनी ते करून दाखवलं तेव्हाच आमच्यातल्या बऱ्याच जणांना पटलं होतं.

१८ जानेवारी १९८२ ला डॉक्टर दत्ता सामंतांच्या मागे अडीच लाख माणसं बाहेर पडली. त्या संपावर भरपूर लिहिलं गेलंय, मी त्यात भर घालणार नाही. एवढंच सांगतो की मावशींनी पहिले सहा महिने उधारीवर निभावले. मग माणसं गावाला जाऊ लागली, पानं कमी झाली, आणि वहीतली बाकी तशीच राहिली. ज्यांना पुन्हा घेतलं नाही ते बाकी फेडायला येणार कुठून? मी सुदैवानं परत लागलो. गिरणी बंद होईपर्यंत साच्यावर होतो.

पुढं गिरण्यांच्या जमिनी विकल्या गेल्या आणि जमिनीचा काही भाग कामगारांच्या घरांसाठी, असा नियम झाला. १ जानेवारी १९८२ ला किंवा त्यानंतर कामावर असल्याचा पुरावा ज्याच्याकडे तो पात्र. अर्ज लाखाहून जास्त आले. म्हाडाची पहिली सोडत २०१२ साली निघाली. त्या काळात मी चाळीच्या पटांगणात टेबल टाकून लोकांचे अर्ज भरून द्यायचो. तिकीट नंबर, फंडाची पावती, ईएसआय कार्ड, मस्टरची नक्कल. कित्येक बदलीवाल्यांकडे यातलं काहीच नव्हतं. वारसांच्या रांगेत विधवा बायका असायच्या. गावी चाळीस वर्षं शेत केलेल्या. त्या पात्र होत्या, पण नवऱ्याच्या नावानं.

मावशींची मुलगी एकदा वही घेऊन आली. लाल कापडी बांधणीची, कडा कुरतडलेल्या. प्रत्येक पानावर जेवणकऱ्याचं नाव, त्याची गिरणी, त्याचं खातं, पाळी आणि बाकी. दोन बदलीवाल्यांच्या कुटुंबांना त्या पानांच्या नकला मी अर्जाला जोडून दिल्या. बाकी काही नाही, निदान हा माणूस त्या सालात त्या गिरणीत होता एवढं तरी त्यावरून दिसत होतं. मुलीनं विचारलं, आईच्या नावानं अर्ज करता येईल का? फॉर्ममध्ये गिरणीचं नाव आणि तिकीट नंबर हे दोन रकाने सक्तीचे होते. मी कोऱ्या कागदावर वेगळा अर्ज लिहिला. गिरणगावात तीस वर्षं कामगारांना जेवण पुरवलं, बाकी येणे असलेल्यांची यादी सोबत, घरासाठी विचार व्हावा. खाली आम्ही अकरा जेवणकऱ्यांनी तिकीट नंबरांसह सह्या केल्या आणि तो अर्ज मुलीबरोबर जाऊन कार्यालयात दिला. पोच घेतली. खानावळवाल्यांना घरांसाठी पात्र असलेल्यांच्या यादीत जागा मिळायला हवी, असं मला तेव्हा वाटत होतं. अजूनही वाटतं.